मान्यतावाले वकील

पाटावर बसून जेवलेलं मी त्यांना कधी पाहिलं नाही. एका हातावर भाकरी, भाकरीवर भाजी, आणि ओटी ते परसदार, परसदार ते ओटी अशा येरझाऱ्या. मधेच चुलीपाशी येऊन माझ्याकडून आमटीची वाटी घ्यायची, उभ्याउभ्या प्यायची, की पुन्हा चालू. बाकीची मंडळी पाटांवर बसलेली आणि त्यांच्या पानांवरून वकिलांच्या धोतराचा सोगा फिरतोय! मी ओरडायची, "वकीलसाहेब, सोगा आवरा, लोकांच्या आमटीत बुडतोय." तर उलट मलाच विचारायचे, "बाई, आमटी इतकी पातळ करायला मान्यता कोणाची?"

मान्यता! हा एक शब्द त्यांनी इतका झिजवला की जव्हारात त्यांचं नावच पडलं, मान्यतावाले वकील. सकाळी धुकं दाट पडलं तर मान्यता कोणाची, न्हावी न सांगता मामाच्या गावाला गेला तर मान्यता कोणाची. माझ्या मांजरीनं त्यांच्या खोलीत पिल्लं घातली तेव्हासुद्धा तिला दारात उभं राहून हाच प्रश्न केला. मग आठवडाभर खोली तिला देऊन स्वतः ओसरीवर राहिले.

संस्थानचे दिवस ते. आमची खानावळ कचेरीच्या अगदी शेजारी, त्यामुळं तारखांना आलेली माणसं आमच्याकडे जेवायची. आमचे हे संस्थानच्या दवाखान्यात कंपाउंडर. वकील मूळचे नाशिककडचे. छातीचं दुखणं होतं, इथली हवा मानवेल म्हणून आले आणि आमच्या बाहेरच्या खोलीत राहिले. बायको नाही, पोर नाही. मी एकदा विचारलंच, "लग्न का हो केलं नाहीत?" म्हणाले, "बोहल्यावर फार वेळ एका जागी उभं करतात." हसले मात्र नाहीत, त्यामुळं खरं सांगत होते की काय अशी मला अजून शंका आहे.

कोर्टातही तीच तऱ्हा. बोलायला लागले की न्यायाधीशांच्या मेजापासून दारापर्यंत आणि दारापासून मेजापर्यंत. न्यायाधीश बिचारे शांत गृहस्थ. इकडून तिकडे बघून बघून त्यांची मान धरायची आणि संध्याकाळी आमच्या ह्यांना तेल घेऊन त्यांच्या बंगल्यावर जावं लागायचं. शेवटी त्यांनी तंबी दिली की वकिलांनी खुर्चीची पाठ धरून बोलावं. वकिलांनी धरली. मुद्दा रंगात आला तसे खुर्चीसकट दाराशी पोचले. शिपायापासून अशिलापर्यंत सगळं कोर्ट हसलं, आणि वकिलांचं आपलं पुढचं वाक्य चालूच.

चालणं तर विचारू नका. चांभार म्हणायचा, ह्या एका माणसावर माझं घर चाललंय. बैलगाडीत बसायचे नाहीत. "बैलाची चाल बघून माझ्या पोटात ढवळतं," म्हणायचे. खाली स्टेशनला जायचं असलं तरी पायवाटेनं रानातून आडवे उतरायचे आणि गाड्या पोचायच्या कितीतरी आधी तिथं जाऊन फलाटावर येरझाऱ्या घालत असायचे. ह्या घाईनंच पुढं घात केला, पण ते ओघानं येईल.

जव्हार-मोखाड्याच्या रानातला साग आमच्या गावच्या वखारीत यायचा आणि तिथून बैलगाड्यांनी घाट उतरून आगगाडीला जायचा. गाडीवान सगळे आसपासच्या पाड्यांवरचे, कोणी साखरशेतचा, कोणी पोशेऱ्याचा. भात-नागलीची कामं आटोपली की गाडी जुंपायची. आता घाटात ओंडक्यांनी भरलेली गाडी बैलांच्या अंगावर येऊ पाहते. म्हणून प्रत्येक गाडीमागं आणखी एक माणूस चालायचा. त्याच्या हातात उटी, म्हणजे लाकडाचा जाड ठोकळा. गाडी धावू लागली की चाकाखाली सरकवायचा, बैलांनी दम घेतला की काढायचा, चार पावलांवर पुन्हा सरकवायचा. हा उटीवाला सागाच्या ठेकेदाराच्या डोळ्यांत खुपत होता. गाडी हाकायला गाडीवान आहे, मग हा दुसरा कशाला, म्हणून त्यानं उटीवाल्यांना काढायचं मनात घेतलं.

पोशेऱ्याचा लखमा नावाचा गाडीवान आमच्याकडे सरपण टाकायचा. एक दिवस ठेकेदाराच्या मुकादमानं उटीवाले न देताच गाड्या सोडल्या, आणि त्या दिवशी लखमाचा धाकटा भाऊ स्वतःच्याच गाडीखाली गेला. कचेरीनं लिहिलं, बैल बुजला. लखमा माझ्या ओट्यावर बसून सांगत होता, "बैल नाय बुजला, बाय. आमचा बैल लई गरीब हाय. उटी नव्हती. गाडी धरंल का चाकाखाली वाकंल? एकला जीव त्याचा."

वकील ओटीवर येरझाऱ्या घालत ऐकत होते. एकदम त्याच्यासमोर उभे राहिले. "तुमच्या वतीनं ठेकेदाराशी बोलतो कोण?"

"कोनच नाय."

"कोणीच नाही?"

"मुकादम बोलतो. पन तो त्याच्याकडनं आमाला बोलतो. आमच्याकडनं त्याला कोन बोलनार?"

झालं! त्या दिवसापासून माणसाला दुसरं काही सुचेना. इंग्रजी मुलखात तेव्हा कामगारांच्या युनियनांचा कायदा झाला होता, संस्थानात तसलं काही नव्हतं. पण वकिलांनी पाड्यापाड्यांवर पायपीट करून गाडीवानांचं मंडळ काढलं आणि उटीवाला काढता येणार नाही असं ठेकेदाराला कळवलं. ठेकेदार काय दुधखुळा होता? त्यानं मुकादमाकरवी गाडीवानांची दुसरी एक सभा काढवली. सभेनं लगेच कळवलं की आमचे गाडीवान हुशार आहेत, आम्हाला उटीवाला नको. मंडळ आणि सभा दोन्ही संस्थानच्या दरबारात गेली. दरबारनं सांगितलं, ज्याच्यामागं गाडीवान जास्त, मान्यता त्यालाच. ठेकेदारानं त्याच्याशी बोलावं आणि तो बोलेल ते सगळ्या गाडीवानांनी पाळावं. कोणामागं जास्त आहेत ते कोर्टानं ठरवावं.

म्हणजे गोष्ट सरळ होती. मंडळ जिंकलं तर उटीवाला राहणार, सभा जिंकली तर जाणार.

गंमत अशी की हा मुकादमही आमच्याकडेच जेवायचा. गोल गरगरीत, हसरा, ताटात काही टाकायचा नाही. दोघं एकाच पंक्तीला, एक बसलेला आणि एक फिरता. खटला कोर्टात तापला तसा माझ्या घरातही तापला. एके दिवशी वकिलांनी जाहीर केलं की तिखट फार पडतं, सबब जेवणाऱ्यांचं एक मंडळ स्थापन झालंय आणि ह्यापुढं बाईंनी मंडळाशी बोलावं. मुकादम कसला ऐकतोय! त्यानं पाटावरूनच जेवणाऱ्यांची सभा स्थापली, तिखट आहे तेच बरं म्हणून. मग दोघं माझ्या चुलीपाशी येऊन उभे, "बाई, मान्यता कोणाला?" मी उलथणं उगारलं. म्हटलं, "ज्याला जेवायचंय त्यानं पानावर चला, नाहीतर दोघांची मान्यता ह्या उलथण्यानं काढीन." मुकादम पोट धरून हसला. वकील मात्र गंभीर. "बघा मुकादम, मालक असंच बोलतो," म्हणाले.

कोर्टात दोघांनी अंगठ्यांचे कागद हजर केले, आणि न्यायाधीशांनी डोक्याला हात लावला. तीच नावं मंडळाच्या कागदावर, तीच सभेच्या. वकील तणतणत घरी आले आणि लखमाला बोलावून घेतलं.

"अरे, तू दोन्हीकडे अंगठा दिलास?"

"दिला."

"का?"

"तुमी आमच्या घरी आलं, पानी प्यालं, अंगठा मागितला. मुकादमबी आला, पानी प्याला, त्यानं मागितला. घरी आल्या मान्साला नाय कसा म्हनावा?"

वकिलांनी कपाळ बडवून घेतलं. मी आत हसतेय, पण मला लखमाचंच पटलं होतं. आपल्या दारात आलेल्याला कोण हो नाही म्हणतं?

कोर्टात गाडीवानांना एकेक उभं करून विचारायला गेलं तर मुकादम समोर बसलेला. कोणी छताकडं बघायचा, कोणी "तुमी म्हनाल तसा" म्हणायचा. तेव्हा वकिलांनी आपल्या डोक्यातून एक युक्ती काढली आणि ती सुचल्यावर घरभर असे फिरले की मी दूध उचलून वर ठेवलं. गावाच्या खाली रस्त्याला फाटा फुटायचा. डावा जुना रस्ता वखारीच्या मागच्या अंगाला जायचा, उजवा नवा रस्ता पुढच्या दाराला. स्टेशनावरून रिकाम्या गाड्या वर येतील त्या दिवशी न्यायाधीशांनी फाट्यावर बसावं. मंडळाच्या गाड्यांनी डावीकडं वळावं, सभेच्या गाड्यांनी उजवीकडं. तोंडानं बोलायला नको, अंगठा नको, कोणाची भीती नको. न्यायाधीशांना पटलं, मुकादमानंही मान हलवली. वकील लखमाला म्हणाले, "फक्त बैल डावीकडं घ्यायचे, एवढंच." लखमा घुटमळला, पण "व्हय सायेब" म्हणाला.

त्या दुपारी मी तिथं होते. न्यायाधीशांचं आणि कचेरीच्या मंडळींचं जेवण फाट्यावर पोचवायचं काम माझ्याकडं होतं. जांभळीच्या झाडाखाली मेज-खुर्ची मांडलेली, आणि वकील सकाळपासून डाव्या रस्त्यानं थोडं जायचे, परत यायचे, पुन्हा जायचे. त्यांच्या चालण्यानं धूळ उडून कोशिंबिरीत पडत होती. "एवढं हुरळून जाऊ नका," मी म्हटलं. "बाई, आज ह्या रानात पहिल्यांदा गाडीवान आपण होऊन बोलणार आहे," ते म्हणाले. डोळे असे चमकत होते त्यांचे, की मी नुसतं कोशिंबिरीवर ताट झाकलं.

खालून घुंगरांचा आवाज आला. सगळ्यांत पुढं मुकादमाची गाडी, कारण घाटात ती नेहमीच पुढं असायची. त्यानं बैल उजवीकडं वळवले. ते कोणाला नवल नव्हतं. मागची गाडी आली, तीही उजवीकडं. तिसरी उजवीकडं. वकील पुढं धावले. तिसऱ्या गाडीतला गाडीवान घोरत होता! पहाटेपासून हाकत आलेली माणसं, रिकाम्या गाडीत अंग टाकून झोपलेली. बैलांना काय, पुढची गाडी जाईल तिकडं जायचं.

पण सगळे झोपलेले नव्हते. लखमा चांगला जागा होता. गाडी फाट्याशी आली तशी वकील त्याच्या बैलांसमोरच उभे राहिले. "डावीकडं! लखमा, डावीकडं घे!"

लखमानं कासरा हातात घट्ट धरला होता. त्यानं पुढं गेलेल्या गाड्यांकडं पाहिलं, मागं आलेल्या गाड्यांकडं पाहिलं. मग वकिलांना हात जोडले. "सायेब, रांग नाय तोडता येत," म्हणाला, आणि उजवीकडं गेला.

हे आम्हाला कोणालाच ठाऊक नव्हतं. रान वाघाचं. पिढ्यान्‌पिढ्या गाडीवानांची रीत अशी, की घाटाला लागलेली रांग वखारीत जू उतरेपर्यंत कोणी मोडायची नाही. जो मधून बाजूला झाला त्यानं पुढच्यालाही सोडलं आणि मागच्यालाही सोडलं. त्याची गाडी अडली तरी त्याच्या जुवाला पुन्हा कोणी हात लावत नाही. वकील गाड्यांबरोबर एकदा जरी चालले असते तर हे त्यांना कळलं असतं. पण ते पायवाटेनं पुढं गेलेले असायचे ना! मुकादमाला ठाऊक असणारच. मी त्याला नंतर चांगला फैलावर घेतला, तर म्हणतो कसा, "बाई, मी फक्त माझी गाडी वळवली." मेला!

एकजण दुसऱ्याला सोडत नाही म्हणून एकीचं मंडळ हरलं. मला तर रडावं की हसावं कळेना. जुन्या रस्त्यावर एक चाक उमटलं नाही. कोर्टानं सभेला मान्यता दिली आणि उटीवाले घरी बसले.

वकील दोन दिवस नुसते फिरत होते. तिसऱ्या दिवशी सकाळी काळा कोट चढवला. मला वाटलं, निघाले वरच्या कोर्टात. तर परसातल्या सरपणातून एक जाड ठोकळा उचलून काखेत मारला.

"हे काय?"

"उटी."

"अहो, तुम्ही वकील आहात!"

"सभेनं गाडीवानांतर्फे उटीवाला सोडून दिलाय. माझ्यातर्फे कोणी काही सोडलेलं नाही."

आणि खरंच गेले हो. घाटाच्या तोंडाशी उभे राहायचे, भरलेली गाडी आली की मागं लागायचे. एक खाली पोचवली की पायवाटेनं धापा टाकत वर, दुसरीला उटी लावायला. माणूस एक आणि गाड्या रांगभर, कसं जमायचं? पण त्यांना बघून काढलेले उटीवालेही मजुरीवाचून एकेक करून आले. मुकादम त्यांना हाकलायचा आणि पाठ फिरवायचा. मी भाकऱ्या पाठवत होते आणि त्यांना शिव्याही पाठवत होते, छातीचं दुखणं घेऊन हे थेर कशाला म्हणून. आमचे हे म्हणायचे, "त्यांना सांगून काय उपयोग? तू भाकरी जास्त पाठव."

मग एके दिवशी लखमाच्याच गाडीची उटी ओल्या दगडावरून निसटली. लखमा ओरडत होता, "सोडा सायेब, सोडा!" वकिलांनी उटी पुन्हा चाकाखाली घातली, पण पाय काढायला वेळ मिळाला नाही. गाडी थांबली. लखमा वाचला, बैल वाचले. वकिलांना मुकादमानं आपल्या गाडीत घालून आणलं, आणि तो जाडा माणूस माझ्या ओटीवर बसून पोरासारखा रडला. नाशिकहून डॉक्टर आणवला, पण घोट्याखालचं काही राहिलं नाही.

आठवड्याच्या आत दरबारचा हुकूम आला! घाटात प्रत्येक गाडीमागं उटीचा माणूस असलाच पाहिजे, दरबारची कृपा म्हणून. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. लखमाचा भाऊ गेला तेव्हा दरबारच्या लेखी बैल बुजला होता. काळ्या कोटवाल्याचा पाय चिरडला तेव्हा ह्यांना घाटाचा उतार दिसला. मी हे न्यायाधीशांच्या तोंडावर बोलले. ते समाचाराला केळी घेऊन आले होते. मान खाली घालून गेले बिचारे.

आणि वकील? त्यांना वाटलं असेल बरं, असं तुम्ही म्हणाल. छे! खाटेवर पडल्यापडल्या थयथयाट. "कृपा? कृपा कोणी मागितली? आज दिली, उद्या काढतील. मंडळाचं नाव कुठाय ह्या हुकमात? मला हा हुकूम रद्द करून हवा. मंडळाला मान्यता द्या, मग मंडळ मागेल, मग द्या." अपिलाचा अर्ज तोंडी सांगायला लागले, आणि लिहून घ्यायला आमच्या ह्यांना बसवलं. हे लिहितायत आणि माझ्याकडं बघतायत.

त्या दुपारी लखमा आला. बरोबर नागलीचं पीठ आणि परसातला भोपळा. खाटेच्या पायथ्याशी बसला, फडक्यात गुंडाळलेल्या त्या पायाकडं बघायची त्याची हिंमत होईना.

वकिलांनी त्याला सगळं समजावून सांगितलं. अपील केलं तर हुकूम अडकेल, निकाल लागेपर्यंत उटीवाला मिळणार नाही. पण जिंकलो तर मंडळ कायमचं. "बोल, करू की नको? तुमचं मंडळ आहे. मान्यता तुमची पाहिजे."

लखमा म्हणाला, "तुमी म्हना, सायेब. तुमी म्हनाल तर उद्यापास्नं उटीवाल्याला घरी बशिवतो. बिन उटीचा उतरतो. मीच नाय, आमी सगळीच उतरतो. कालच ठरवला आमी."

"अरे, मराल!"

"व्हय," लखमा म्हणाला. "तुमी म्हना."

इतकं साधं बोलला हो तो, बाजारातून मीठ आणतो म्हणावं तसं. मान्यतेच्या ज्या एका शब्दासाठी हा माणूस पाड्यापाड्यांवरून फिरला, कोर्टात हरला, पाय घालवून बसला, तो शब्द लखमानं आणून समोर ठेवला होता. आता नुसतं हो म्हणायचं होतं.

वकील त्याच्याकडं बघत राहिले. मग आमच्या ह्यांच्या हातातला कागद त्यांनी ओढून घेतला आणि उशीखाली कोंबला.

"नको रे बाबा," म्हणाले. "उटीवाला राहू दे. मंडळ गेलं खड्ड्यात."

पाय कापला तेव्हा ह्या माणसानं हूं की चूं केलं नव्हतं. पण एवढं बोलले आणि भिंतीकडं तोंड करून हुंदके द्यायला लागले. लखमा घाबरून उठला आणि माझ्याकडं बघत म्हणाला, "बाय, माझा काय चुकला?"